हिरवं बटण दाबू नकोस

यावल

चि. माईस,
अनेक आशीर्वाद.

काल फोनवर तू म्हणालीस, "बाबा, लॅनचा ड्रायव्हर सापडला, साइटवर डाउनलोडचं मोठं हिरवं बटण आहे, दाबू का?" मी "थांब" म्हणालो आणि नेमकी रेंज गेली. तशीही तू फोनवर नुसती हो-हो करतेस, म्हणून लिहूनच पाठवतोय. ड्रायव्हर म्हणजे प्रिंटर, लॅन असे भाग विंडोजकडून चालवून घेणारं छोटं सॉफ्टवेअर, ते कुठूनही उचलायचं नसतं.

ते हिरवं बटण मी दाबून बसलोय. दोन वर्षांपूर्वी, जूनमध्ये, दाखल्यांसाठी दुकानाबाहेर रांग लागलेली आणि प्रिंटर रुसला. ड्रायव्हर आपोआप शोधून देणारं एक सॉफ्टवेअर टाकलं. त्याने लाल अक्षरांत 31 ड्रायव्हर जुने झाल्याचं दाखवलं आणि पैसे मागितले. प्रिंटर होता तसाच. दुसऱ्या दिवसापासून ब्राउझर उघडला की रमीच्या जाहिराती! शेवटी फॉरमॅट. दोन दिवस सगळं गिऱ्हाईक समोरच्या दुकानात. तुझी आई अजून ऐकवते.

तेव्हापासून मी आधी कूळ विचारतो. डिव्हाइस मॅनेजरमध्ये, म्हणजे विंडोजमधल्या सगळ्या भागांच्या यादीत, पिवळा त्रिकोण असलेल्या नावावर राइट क्लिक कर, प्रॉपर्टीज, मग डिटेल्स, आणि तिथल्या यादीतून 'हार्डवेअर आयडीज' निवड. 'व्हीईएन' (VEN) म्हणजे कंपनीचा कोड, त्यापुढे 10ईसी असेल तर चिप रिअलटेकची, 8086 असेल तर इंटेलची. सोयरीक बघताना नुसत्या आडनावावर भागत नाही, आजोळही विचारतो ना? तसं पुढचं 'डीईव्ही'ही (DEV) उतरवून घे. मॉडेल त्यावरून कळतं.

लॅन (केबलचं नेट) बंद आहे, तर मोबाईल केबलने जोडून यूएसबी टिथरिंग चालू कर, नेट येईल. मग विंडोज अपडेटमधले 'ऑप्शनल अपडेट्स' बघ, पुष्कळदा तिथेच काम होतं. नाहीच झालं तर मदरबोर्ड कंपनीची स्वतःची साइट. मॉडेल नंबर बोर्डवरच छापलेला असतो, आधी धूळ पूस. किंवा मायक्रोसॉफ्टच्या अपडेट कॅटलॉगमध्ये तो आयडी टाकून शोध. तुझं विंडोज 32 बिट की 64 बिट, तेवढं बघून घे.

उतरवलेल्या फाइलच्या प्रॉपर्टीजमध्ये 'डिजिटल सिग्नेचर्स' उघडून सही कुणाची ते वाच. सही नसलेला ड्रायव्हर 64 बिट विंडोज सहसा घेत नाही. ती तपासणीच बंद करा, असं कुठली साइट सांगायला लागली तर साइटच बंद कर.

एक गंमत. काही ड्रायव्हरवर 21 जून 2006 अशी तारीख दिसेल. मी तर दचकलोच होतो. पण विंडोज आपल्या घरच्या ड्रायव्हरांवर ही तारीख मुद्दाम टाकतं, म्हणजे कंपनीचा ड्रायव्हर आला की तो नवा ठरून पुढे जातो. ते बदलत बसू नकोस.

आणि तुझ्या मशीनवरच्या विंडोज 10चा नेहमीचा सपोर्ट 14 ऑक्टोबर 2025 ला संपला. त्या मशीनवर बँकेचं काही उघडू नकोस, टायपिंगपुरतं ठेव.

उद्याच्या गाडीने पार्सल येतंय. बामणोदची वांगी आहेत, पऱ्हाटीवर (कपाशीच्या वाळक्या काड्यांवर) जमलं नाही तर गॅसवर भाज. आईने मदरबोर्डची जुनी सीडीही कपाटातून काढून डब्याखाली सरकवलीय. मी नको म्हणत होतो. त्यात जुन्या विंडोज एक्सपीचे ड्रायव्हर आहेत, ते लावू नकोस, पण सापडली नाही असंही तिला सांगू नकोस.

तुझे,
बाबा