बूट पाठवतोय

मनू,

फोन उचलत नाहीयेस म्हणून लिहितोय. रागाने नाही. आणि गुडघ्याचं काही विचारणार नाहीये, आईने बजावलंय.

काल आपल्या पोरींची थायलंडशी फुटबॉल मॅच बघितली. आख्खी. मोबाइलवर लावली, कॉमेंट्री एक अक्षर कळेना, पण गोल कळायला भाषा थोडीच लागते. दोन्ही टीमचे आधीच्या तीन मॅचमध्ये प्रत्येकी २२ गोल, दोघींनी एकही खाल्लेला नाही (मंगोलियाला आपल्या पोरींनी १३ मारलेत, तुला माहीतच असणार, मीच कशाला सांगतोय), आणि जिंकेल ती २०२६ला ऑस्ट्रेलियाला एशियन कपला. समोर दोन वर्ल्डकप खेळलेली टीम, रँकिंगला त्या ४६ आणि आपण ७०, वर त्यांच्याच घरी, चियांग माईला. मी धरूनच बसलो होतो की दोन-तीनने जातोय. मग त्या संगीता बासफोरने मारला ना! मी ओरडलो तर आई पोळी तव्यावर टाकून धावत आली, तिला वाटलं मला काहीतरी झालं.

हाफटाइमनंतर लगेच त्यांनी फेडला. मी गॅलरीत जाऊन उभा राहिलो, बघवेना. आईने हाक मारून परत बसवलं आणि ७४व्या मिनिटाला कॉर्नरवर पुन्हा संगीताच, डोक्याने. २-१.

त्यानंतर मी बॉल बघतच नव्हतो खरं सांगायचं तर. कुणी पडलं की ती उठते का, पाय नीट टेकते का, एवढंच. डॉक्टर नऊ महिने म्हणाले होते आणि हा सातवा चालू आहे. झालं, विचारणार नव्हतो.

सगळ्या पोरी मिठ्या मारून रडत होत्या आणि मला जानेवारी २०२२ आठवला. एशियन कप आपल्याकडेच, नेरुळच्या स्टेडियमवर, अर्ध्या टीमला कोविड, चायनीज तैपेईशी (म्हणजे तैवानशी) मॅचच झाली नाही आणि आपण स्पर्धेतूनच बाहेर. तू दादाच्या खोलीत दार लावून बसलीस, जेवली नाहीस. मी बाहेरून म्हणालो, बरं झालं, आता तरी अभ्यास कर. तू विसरली असशील कदाचित. मी नाही विसरलो. तेव्हा यजमान म्हणून एंट्री आयती होती. या वेळी क्वालिफायर खेळून, स्वतःच्या पायावर गेल्या, असं पहिल्यांदाच झालंय.

पायावरून आठवलं, फिजिओकडे जातेस ना? जिना उतरताना दुखतं का अजून? आणि एक ऐक, बँकेच्या परीक्षेचा फॉर्म भरून ठेवायला काय हरकत आहे, भरला म्हणजे द्यायलाच पाहिजे असं नाही, पण हातात काहीतरी असावं माणसाच्या, खेळ काय पंचविशी-तिशीपर्यंत, पुढे कोण विचारतं, आपल्या आप्पांचं बघितलंस ना कबड्डीत आयुष्य घालवून… बघ, सुरू झालो. सॉरी. यावरूनच भांडलो होतो आणि परत तेच.

ऑपरेशनच्या दिवशी कागदावर सही मी केली होती. 'पालक' लिहिलं होतं तिथे. तू आत अडीच तास होतीस आणि तेवढा वेळ मी कॉरिडॉरमधल्या फरशा मोजत होतो, आई जप करत होती. मी तुला कधी बोललो नाही, पण मला वाटलं होतं, हे एकदा नीट होऊ दे, मग हिला मैदानावर पाऊल टाकू द्यायचं नाही. तू शुद्धीवर आल्या आल्या काय विचारलंस? "सीझन कधी सुरू होतो?" तेव्हा मी खोकल्याचं नाटक करून बाहेर गेलो.

आता मुद्द्याचं. जाताना तू दोन दिवस स्टड्स शोधत होतीस, आईवर चिडलीस, शेवटी नवीन घेईन म्हणून तशीच निघालीस. आईचा काही दोष नाही. मीच माळ्यावर टाकले होते, जुन्या कूलरच्या मागे. काल मॅच संपल्यावर स्टूल घेऊन काढले, पुसले, डाव्याची लेस तुटली होती म्हणून नवीन जोडी घातलीय, रंग जरा वेगळा आहे, चालवून घे.

उद्या कुरियर करतो. नी-कॅप उजव्या बुटात खोचून ठेवलीय, आतपर्यंत हात घालून बघ, नाहीतर दिसायची नाही.

बाबा

ता.क. सातवाच महिना चालू आहे.