सेक्टरच्या पाटीवर उंची लिहा

महोदय,

भारतीय सर्वेक्षण विभागाच्या इतिहासावरचा आपल्या पुरवणीतला लेख आवडीने वाचला. १७६७ साली बंगालमध्ये सर्व्हेअर रेनेलपासून झालेली सुरुवात, राधानाथ सिकदारांनी गणिताने काढलेली ‘पीक फिफ्टीन’ची २९,००२ फूट उंची, मग त्या शिखराला एव्हरेस्टसाहेबांचे नाव. या खात्याचा इतिहास लिहायला घेतला की सगळ्यांचीच गाडी हिमालयात जाऊन थांबते. ते २९,००२ फूट मोजले कुठून, हे कुणी विचारत नाही. माझी सगळी नोकरी खासगी कंत्राटदारांकडे रस्त्या-गटारांच्या लेव्हल घेण्यात गेली. त्यामुळे मला शिखरापेक्षा शून्याची काळजी जास्त.

आधी लेखात राहून गेलेली एक गोष्ट. १० एप्रिल १८०२ रोजी विल्यम लॅम्बटन या ब्रिटिश अधिकाऱ्याने मद्रासच्या सेंट थॉमस माउंटपाशी देशाची मोठी मोजणी सुरू केली, इथवर लेखात आहे. पण तो संपला आपल्या महाराष्ट्रात. त्याचा कोन मोजायचा अर्ध्या टनाचा थिओडोलाइट १८०८ मध्ये तंजावरच्या देवळावर चढवताना दोर तुटून आपटला, तर या गृहस्थाने तो स्वतः ठोकून-ठाकून पुन्हा कामाला लावला. पुढे आणखी जवळजवळ पंधरा वर्षे काम ओढून २० जानेवारी १८२३ रोजी, नागपूरच्या वाटेवर, हिंगणघाटला त्याने देह ठेवला. कबर तिथेच आहे. एव्हरेस्ट शाळेतल्या पोराला पाठ असतो, हिंगणघाट वर्धा जिल्ह्याबाहेर कुणाच्या गावीही नाही.

आता शून्याबद्दल. देशातली प्रत्येक उंची ‘सरासरी समुद्रसपाटी’पासून धरतात. ही सपाटी ठरवायला खात्याने कराचीपासून ओडिशातल्या फॉल्स पॉइंटपर्यंत नऊ बंदरांवर भरती-ओहोटीच्या नोंदी ठेवल्या, आणि १९०९ मध्ये त्यावरून देशभरच्या उंचीचा हिशेब जुळवला. त्या नवांतले एक बंदर म्हणजे आपले मुंबईचे अपोलो बंदर. तिथून हे शून्य दगडावर कोरलेल्या, उंची पक्की ठरलेल्या खुणांनी, म्हणजे जीटीएस (ग्रेट ट्रिगोनोमेट्रिकल सर्व्हे) बेंचमार्कांनी गावोगाव नेले. नागपूरच्या झीरो माइलपाशीही १९०७ चा असा बेंचमार्क आहे. लोक तिथे देशाचा मध्य म्हणून फोटो काढतात, दगडाकडे पाहत नाहीत.

हे शून्य गावात आणायचे काम साधेच, पण चिकाटीचे. एक जण डम्पी लेव्हलला, म्हणजे सपाटी पाहायच्या दुर्बिणीला डोळा लावून बसतो, दुसरा स्टाफ, म्हणजे आकड्यांची उंच पट्टी धरून उभा. ‘हलव’ म्हटले की स्टाफवाल्याने तो हळूच पुढे-मागे झुलवायचा आणि आपण सर्वांत कमी आकडा टिपायचा, कारण स्टाफ ओळंब्यात असतो तेव्हाच आकडा सर्वांत कमी येतो. संध्याकाळी निघालो त्याच बेंचमार्कवर परत येऊन हिशेब मिळाला नाही, तर दिवसाची मेहनत पाण्यात.

आणि इथे पाणी शब्दशः येते. नवी मुंबईतल्या वाशी, सानपाडा, नेरूळच्या खाडीकडच्या कित्येक भागांची जमीन मोठ्या भरतीच्या पातळीखाली आहे. म्हणून तर डच पद्धतीचे धारण तलाव करून त्यांना झडपा बसवल्या. भरतीला झडप मिटते, ओहोटीला उघडते. आमच्या खारजमिनीच्या बांधांना ‘उघाड्या’ असायच्या, त्यांचेच हे सिमेंटातले रूप. अशा ठिकाणी वीतभर उंचीचा फरक म्हणजे पाणी दारात की घरात, एवढा असतो. एव्हरेस्टची उंची इथे कुणाच्या उपयोगाची?

तरी छोट्या कामांवर मी काय पाहिले? जीटीएस बेंचमार्क शोधत बसायला वेळ कुणाला! एखाद्या चेंबरच्या झाकणावर किंवा देवळाच्या पायरीवर लाल ऑइलपेंटचा त्रिकोण काढायचा आणि म्हणायचे, ‘हा शंभर’, म्हणजे इथली उंची शंभर धरायची. एका बाजूच्या कंत्राटदाराचा शंभर एक, रस्त्यापलीकडच्याचा दुसराच. कागदावर दोन्ही गटारांना उतार झकास, पावसात मात्र पाणी चढावर जायचे नाकारते. मग रस्त्यावर डांबराचा आणखी एक थर. आमच्या सोसायटीच्या गेटसमोरचा रस्ता थरावर थर चढून आता तळमजल्याच्या उंबऱ्याच्या बरोबरीला आला आहे. ‘समुद्रसपाटीपासून किती?’ असे विचारले की समोरचा मोबाइल काढतो. नुसत्या जीपीएसने मोजलेली उंची आपल्याकडे उणे साठ मीटरच्याही खाली येते, कारण उपग्रहाचा शून्य समुद्राचा नसतो. त्या फरकाची दुरुस्ती न करता आकडा वापरणारे पदवीधर मी पाहिले आहेत.

माझी मागणी छोटी आहे. लोणावळ्याला गाडी थांबली की स्टेशनच्या पिवळ्या पाटीवर समुद्रसपाटीपासूनची उंची वाचायला मिळते. तशीच ती आमच्या प्रत्येक सेक्टरच्या पाटीवर, धारण तलावाच्या कठड्यावर आणि भुयारी मार्गाच्या तोंडाशी लिहावी. पावसाळ्यात साडेचार मीटरची भरती आहे अशी बातमी आपण छापता. भरतीचे तक्ते हेही याच विभागाचे जुने काम. पण तक्त्यातला शून्य हा समुद्रसपाटीचा नव्हे, तो ओहोटीच्या पाण्याजवळ धरलेला, म्हणजे समुद्रसपाटीच्या बराच खाली. म्हणून पाटीवर दोन्ही आकडे हवेत: समुद्रसपाटीपासूनची उंची आणि भरतीच्या मापात तीच उंची किती. मग बाजारातून येणाऱ्या बाईलाही बातमी आणि पाटी ताडून पाहता येईल, गाडी कुठे लावायची ते ठरवता येईल.

फोडलेल्या कठड्यांबरोबर किंवा डांबराखाली गेलेले जुने बेंचमार्कही शोधून त्यांची यादी लावावी. २०२१ पासून नकाशे आणि मोजमापांवरचे बरेच निर्बंध उठले आहेत, तेव्हा ‘गोपनीय’ म्हणून हात झटकता येणार नाहीत. रंगाचा खर्च लागला तर आम्ही ज्येष्ठ नागरिक वर्गणी काढू. उंची तेवढी जीटीएस बेंचमार्कवरूनच आणलेली हवी, चेंबरच्या झाकणावरून नको.

आपला,
एक निवृत्त सर्व्हेअर, सानपाडा, नवी मुंबई