बालकामगार उंबऱ्याच्या आत शोधावे लागतील

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

दरवर्षी १२ जूनला, म्हणजे जागतिक बालकामगार विरोधी दिनाला, फेऱ्या निघतात, शपथा दिल्या जातात आणि चार-दोन हॉटेले व गॅरेजची तपासणी होऊन छायाचित्रे छापून येतात. या मोहिमांबद्दल माझी तक्रार नाही. हॉटेलात कपबशा विसळणारा मुलगा रस्त्यावरून दिसतो, म्हणून तो सापडतो. सोलापुरात मुलांच्या हातून होणारे बरेचसे काम मात्र घराच्या उंबऱ्याच्या आत चालते, ते कोणत्याही पथकाच्या वाटेवर येत नाही, आणि घरातले काम कायद्याला मान्यच आहे असा समज पालकांपासून अधिकाऱ्यांपर्यंत सर्वत्र पसरलेला आहे. हा समज चुकीचा आहे, हे दाखवण्यासाठी हे पत्र लिहीत आहे.

विडीचेच उदाहरण घेऊ. सोलापूरच्या पूर्व भागात आणि जवळच्या कुंभारीच्या विडी घरकुल या कामगार वसाहतीत राहणाऱ्या हजारो स्त्रिया कारखान्याच्या ब्रँचमधून, म्हणजे माल देण्या-घेण्याच्या केंद्रातून, पाने, तंबाखू आणि सूत घरी आणतात, विड्या वळून परत नेऊन देतात, त्यातली छाट, म्हणजे नापसंत विड्या, बाजूला काढली जाते आणि उरलेल्या मालाची मजुरी दर हजार विड्यांमागे मिळते; तिलाच हजारी म्हणतात. ब्रँचच्या वहीत नाव एकाच बाईचे असते. मी येथे कामगारांची प्रकरणे चालवणारा वकील आहे. एका अशील बाईंची वकालतनाम्यावर सही घेण्यासाठी संध्याकाळी त्यांच्या घरी गेलो, तेव्हा त्या मांडीवर सूप घेऊन विड्या वळत होत्या, शेजारी बसलेली सहावीतली मुलगी वळलेल्या विड्यांची तोंडे दुमडत होती आणि धाकटा भाऊ मोजून जुड्या लावत होता. मुलीची गणिताची वही सुपाजवळच उघडी पडली होती. माझी नजर तिकडे गेलेली पाहून आई म्हणाल्या, ‘वकीलसाहेब, तिला काम नाही लावलं, नुसती तोंडं मोडती.’ त्या खोटे बोलत नव्हत्या. हे काम आहे असे त्यांना खरोखरच वाटत नव्हते, आणि आपल्या कायद्यांनीही बराच काळ तसे वाटू दिले.

१९६६ सालच्या विडी व सिगार कामगार कायद्याने १४ वर्षांखालील मुलांना औद्योगिक जागेत काम करू देण्यास मनाई केली. परंतु औद्योगिक जागेच्या व्याख्येतून राहते घर वगळले. पुढे १९८६ साली बालकामगार कायदा आला. त्याच्या परिशिष्टात निषिद्ध प्रक्रियांच्या यादीत पहिलेच नाव विडी वळण्याचे होते आणि त्याच कायद्याच्या तिसऱ्या कलमाने कुटुंबाच्या मदतीने चालणाऱ्या कामाच्या जागेला सूट दिली होती. सोलापूरच्या घरखाते पद्धतीला, म्हणजे माल घरी नेऊन काम करण्याच्या पद्धतीला, एवढी फट पुरेशी होती. २०१६ च्या दुरुस्तीने १४ वर्षांखालील मुलांना सर्वच व्यवसायांत कामावर ठेवण्यास बंदी केली, तरी शाळा सुटल्यावर किंवा सुटीत कुटुंबाला मदत करण्याची मुभा ठेवली. येथे कुटुंब म्हणजे आई, वडील, भाऊ, बहीण आणि त्यांच्याबरोबर काका, आत्या, मामा व मावशी. (आजी-आजोबा मात्र या व्याख्येत नाहीत, ते का सुटले, हे मसुदा लिहिणाऱ्यांनाच ठाऊक.) मामा-मावशीपर्यंत पसरलेली ही सूट धोकादायक असल्याचे त्या वेळी अनेकांनी बजावले होते, आणि ते रास्तच होते.

मात्र चर्चा तेथेच थांबली. २०१७ साली केंद्र सरकारने या कायद्याखालील नियम दुरुस्त केले, ते फारसे कोणी वाचलेले दिसत नाहीत. त्या नियमांनुसार मुलाची मदत शाळेच्या वेळेत घेता येत नाही आणि संध्याकाळी ७ ते सकाळी ८ या वेळेतही घेता येत नाही. मोठ्या माणसाच्या जागी मुलाला बसवता येत नाही. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, ज्या कामातून मुलाला, कुटुंबाला किंवा कुटुंबाच्या उद्योगाला पैसा मिळतो, असे उत्पादनाच्या, पुरवठ्याच्या वा विक्रीच्या साखळीतले कोणत्याही टप्प्यावरचे काम या मदतीत मोडत नाही. विडीचे तोंड दुमडणे हा उत्पादनाचा टप्पा नाही, असे कोणता वकील न्यायालयात म्हणू शकेल? शिवाय पाने कारखान्याची, तंबाखू कारखान्याचा, जुडीवर चिकटणारे लेबलही कारखान्याचे. मग हा त्या बाईंचा कौटुंबिक उद्योग ठरतो कसा? चादरीच्या दशा बांधण्याचे किंवा टॉवेलच्या शिलाईचे जे काम नगावर घरी दिले जाते, त्यालाही हाच प्रश्न लागू होतो. याच नियमांत, मालिकेत वा चित्रपटात काम करणाऱ्या मुलाच्या कमाईतील किमान २० टक्के रक्कम त्याच्या नावे मुदत ठेवीत ठेवण्याचे बंधन आहे. विडीचे तोंड मोडणाऱ्या मुलीची कमाई आईच्या हजारीत मिसळून जाते, तिच्या नावे कोठेही काही राहत नाही.

याचा अर्थ आयांवर खटले भरा, असा मुळीच नाही. कायद्यानेच आई-वडिलांना पहिल्या गुन्ह्यासाठी शिक्षेतून वगळले आहे, ते योग्य आहे. ६ महिने ते २ वर्षे कैद आणि २० ते ५० हजार रुपये दंड, यांपैकी एक किंवा दोन्ही, ही शिक्षा मालकासाठी आहे आणि मालकाचा हा गुन्हा दखलपात्र आहे. अडचण अशी की ‘आम्ही काम बाईला दिले, घरात कोण बसले ते आम्हाला काय माहीत?’ हे मालकाचे उत्तर ठरलेले असते. ते मान्य करता येत नाही. एका बाईच्या दोन हातांनी दिवसात किती विड्या वळल्या जातात, हे ब्रँचमधल्या कारकुनाइतके नेमके दुसऱ्या कोणालाही ठाऊक नसते. एका नावावर त्याहून जास्त माल सतत जमा होत असेल, तर तो इतर कोणाच्या तरी हातांनी वळलेला आहे, हे वही स्वतःच सांगते. कामगार खात्याने टपऱ्यांबरोबर या वह्याही तपासाव्यात. अर्थात हजारी मजुरीत घर चालत नाही तोवर मुलांचे हात सुपाकडे वळतच राहणार. पण तो वाद किमान वेतनाचा आहे आणि तो मालकांशी लढायचा आहे.

दुसरी वही शाळेची. मूल पूर्वसूचना न देता सलग ३० दिवस शाळेत आले नाही, तर मुख्याध्यापकांनी ते जिल्हाधिकाऱ्यांनी नेमलेल्या नोडल अधिकाऱ्याला कळवावे, असे २०१७ च्या नियमांतच म्हटले आहे. दिवाळीच्या सुमारास आई-वडिलांबरोबर ऊसतोडीला गेलेल्या आणि फडात मोळ्या बांधू लागलेल्या मुलांना हा नियम तंतोतंत लागू पडतो. परंतु पटसंख्या टिकली नाही तर शिक्षकाचे पद जाते, ही टांगती तलवार असताना कोणते मुख्याध्यापक असे पत्र स्वतःहून पाठवतील? विडी वळणाऱ्या घरातल्या मुलीला तर हा नियम गाठतच नाही, कारण ती सलग ३० दिवस कधीच गैरहजर नसते. ती आठवड्यातून दोन दिवस येत नाही, आली तर तासाला पेंगते, आणि वर्षअखेरीस हजेरी जेमतेम भरते. अशा तुटक गैरहजेरीची नोंद पूर्व भागातल्या शाळांनी दरमहा कळवावी, असा आदेश काढण्यापासून जिल्हा प्रशासनाला कोणी अडवलेले नाही.

१४ वर्षे पूर्ण झाल्यावरचा प्रश्न तर याहून अवघड आहे. शिक्षण हक्क कायद्याचे छत्र तेथे संपते आणि १४ ते १८ या वयात बंदी उरते ती केवळ धोकादायक कामांची; आठवी झाली की यंत्रमागावर कांडी भरायला (मागासाठी सूत गुंडाळायला) जाणारी मुले त्याच वयातली आहेत. त्यांच्याबद्दल स्वतंत्रपणे लिहावे लागेल.

तूर्त एक विनंती. मालकाकडून वसूल झालेला दंड आणि त्यात शासनाने घालायचे प्रत्येकी १५ हजार रुपये बाल व किशोरवयीन कामगार पुनर्वसन निधीत जमा करून ते व्याजासह त्या मुलाला द्यावेत, अशी तरतूद २०१६ पासून कायद्यात आहे. सोलापूर जिल्ह्यात आजवर किती मुलांच्या नावे अशी रक्कम जमा झाली, किती मुलांना ती प्रत्यक्ष मिळाली, आणि ३० दिवसांच्या गैरहजेरीची किती पत्रे नोडल अधिकाऱ्यांकडे आली, हे तीन आकडे आपल्या वार्ताहरांनी जिल्हाधिकारी कार्यालयातून मिळवून छापावेत.

आपला विश्वासू,
एक वकील, सोलापूर
(अशिलांची ओळख उघड होऊ नये म्हणून नाव प्रसिद्ध करू नये, ही विनंती.)