डावीकडून तिसरी

वॉशिंग्टन, रविवार

ती. बाबा आणि ती. आई यांस सा. न.

बाबा, फोनवर तुम्ही विचारलंत, "तिथे नेमकं करतेस काय?" मी "जुने फोटो लावते" म्हणून विषय संपवला. आता नीट सांगते.

११ ऑक्टोबर १९८७ ला या शहरात समलिंगी स्त्री-पुरुषांच्या हक्कांसाठी प्रचंड मोर्चा निघाला होता. त्याच्या निगेटिव्ह आमच्या अर्काइव्हकडे आल्यात. माणसं किती? सरकारी अंदाज २ लाख, संयोजकांचा ५ लाखांच्या वर. तुमच्या बँकेत एवढ्या फरकावर कुणी सही केली नसती! मी दोन्ही आकडे लिहिते, कुणाचा कुठला तेही.

आई, त्या दिवशी तिथल्या मैदानात एक गोधडी पसरली होती, एड्सने गेलेल्यांची. एकेक तुकडा ३ फूट बाय ६ फूट, थडग्याच्या मापाचा. असे १,९२० तुकडे, प्रत्येकावर नाव. जोडीदारांनी, मित्रांनी, आयांनी शिवलेले. काही टाके इतके वेडेवाकडे, की त्या हातांनी आधी सुई धरलीच नसावी. तू उसवायलाच घेतले असतेस.

आदल्याच वर्षी इथल्या सुप्रीम कोर्टाने समलिंगी संबंधांना गुन्हा मानणारा जॉर्जिया राज्याचा कायदा उचलून धरला होता. म्हणून १३ तारखेला लोक कोर्टासमोर जाऊन बसले. शेकडो पकडले गेले. फोटोत पोलिसांच्या हातात रबरी हातमोजे आहेत. हात लागला तर एड्स होईल ही भीती. नोंदीत मी 'हातमोजे' हा शब्द मुद्दाम घालते. नाहीतर पुढे शोधणाऱ्याला ते दिसायचे नाहीत.

अडते ती नावांपाशी. "डावीकडून दुसरा: अज्ञात." काहींनी कॅमेरा पाहून तोंड फिरवलंय. त्यांची नावं मी शोधत नाही.

चार वर्षांपूर्वी मी तुम्हाला माझं सांगितलं, तेव्हा बाबा, तुम्ही बराच वेळ गप्प बसून म्हणालात, "ठीक आहे. पण फोटोबिटो कुठे येऊ देऊ नकोस." मी मान हलवली. फोटो आधीच निघाला होता.

१६ ऑगस्ट २००८. मावशीकडे ठाण्याला जाते म्हणून निघाले, ती ऑगस्ट क्रांती मैदानात गेले. तिथून समलिंगींच्या मोर्चात गिरगाव चौपाटीपर्यंत चालले. तेव्हा आपल्याकडेही समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणारं ३७७ कलम होतं. स्कूटरवर बांधतो तसा स्कार्फ डोळ्यांखालपर्यंत घट्ट बांधला होता.

मैत्रिणीने परवा तो फोटो धाडला, सोबत पाठवतेय. डावीकडून तिसरी मी. आई, निळा स्कार्फ तुझाच. हरवला म्हणून लक्ष्मी रोडवरून दुसरा आणून दिला होता ना, तो.

तुमची,
मनू