आरोग्यमंत्र्यांना खुले पत्र : सुईणीची खुर्ची कुठे गेली?

माननीय आरोग्यमंत्री साहेब,
सप्रेम नमस्कार.

मागच्या वर्षी भाषणात तुम्ही म्हणालात, "कुटुंब आणि श्रद्धा यावर पुढच्या वेळी बोलू, तेव्हा गावची सुईणही मंचावर असेल." पुढची वेळ गेल्या मंगळवारी आली. मंचावर महाराज, वकील, डॉक्टर आणि तुम्ही. मला खाली पुष्पगुच्छांचं ताट घेऊन उभं केलं. दोन तास. वय ७१, गुडघ्यांच्या वाट्या झिजलेल्या.

वरून कुणीतरी म्हणालं, अंधश्रद्धा सुईणीच पसरवतात. टाळ्या पडल्या. तुम्हीही वाजवलीत, बघितलं मी.

साहेब, चिकाचं दूध लेकराला द्यायचं नाही, हे मीही आईकडूनच शिकले होते. पुढं सरकारनंच प्रशिक्षण दिलं, पेटी दिली, हात, जागा, ब्लेड, दोरा, नाळ अशा पाच स्वच्छता पाठ करून घेतल्या. तेव्हापासून सासवांना विचारायचे, "आत्याबाई, म्हशीचा चीक खरवसासाठी जपता, अन् नातवाचा पिळून टाकता व्हय?" सासू हसायची, लेकरू पदराखाली जायचं. पाचवीला सटवाईपुढं कोरा कागद आणि पेन ठेवतात, तिथंच मी लसीचं कार्ड ठेवायला लावलं. म्हटलं, तारखा तिलाही कळू द्या. कुणी नाही म्हटलं नाही. तुमच्या कुठल्या पोस्टरला हे जमलं?

बाळंतपण दवाखान्यातच व्हावं, मला मान्य. २००५ साली जननी सुरक्षा योजना आली, गरीब बाईला ७०० रुपये मिळू लागले, चांगलंच झालं. आम्हाला काय? "आता घरी बसा." दोन हजारांवर बाळंतपणं केली असतील, मोजायला वही कुणी दिली होती?

आणि अंधश्रद्धाच काढता, तर २०११ च्या जनगणनेत आपल्या बीड जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलांमागे मुली ८०७. सोनोग्राफीची मशीनं काय सुईणी चालवत होत्या? गर्भातच मुलगा की मुलगी हे बघायला बंदी घालणारा १९९४ चा कायदा तेव्हा कुठल्या कपाटात होता? मुलगी झाली म्हणून तोंड फिरवणारे बाप मी कंदिलाच्या उजेडात पाहिलेत. तिथं ना महाराज होते, ना वकील. विटाळ ना! सोयर दहा दिवसांत फिटतं, आमच्या जातीचा विटाळ जन्माचा. नाळ कापायला हे हात चालायचे, माठाला चालत नव्हते. सरकारं बदलली, माठ तोच.

शाल नको, नारळ नको. बोलायला दहा मिनिटं द्या.

येत्या शुक्रवारी आमच्या गल्लीत पाचवी आहे, मला बोलावणं आलंय. खुर्ची नसते तिथं, घोंगडीवर बसावं लागतं. यायचं तर या.

आपली,
एक सुईण, जि. बीड
(नातवानं मोबाईलवर लिहून दिलं)