माहेरचं नाव, सासरचं नाव

पुणे

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर तू विचारलंस, "तीस वर्षं डेटाबेसमध्ये काढलीस, म्हणजे नेमकं काय केलंस रे?" तेव्हा रिक्षात होतो, बोलणं अर्धवट राहिलं. आज निवांत लिहितो.

१९९३ साली एका सहकारी बँकेत फॉक्सप्रो या डेटाबेसच्या, म्हणजे माहिती नीट साठवून ठेवण्याच्या, प्रोग्रामवर सुरुवात केली. आधीच्या कुणीतरी केलेल्या रचनेत ग्राहक ओळखायचा तो नावावरून. पण आपल्याकडे लग्नानंतर बाईचं आडनाव बदलतं, मधलं नाव बदलतं आणि कित्येकींचं पहिलं नावही तांदळाच्या ताटात नव्याने लिहिलं जातं. एकदा एक बाई काउंटरवर आल्या. लग्नाआधी वडिलांनी त्यांच्या नावे केलेली मुदत ठेव होती, पावती हातात होती. मात्र त्यांचा नाव बदलायचा अर्ज आला तेव्हा आमच्याकडे जुनी नोंद तशीच ठेवून नवीन ग्राहक तयार केला गेला होता. संगणकाच्या लेखी त्या दोन वेगळ्या बायका. "अहो, मीच ती," असं त्या सांगत राहिल्या, आणि ते नोंदवायला आमच्या टेबलमध्ये, म्हणजे संगणकातल्या ओळी-रकान्यांच्या तक्त्यात, जागाच नव्हती. दोन महिने खेटे घातल्यावर पैसे मिळाले. तो चेहरा मला अजून आठवतो.

त्याच सुमारास मी कॉड वाचला. एडगर कॉड, दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनच्या हवाई दलात वैमानिक, पुढे आयबीएम या संगणक कंपनीत संशोधक. माहिती यंत्रात कशी रचली आहे हे वापरणाऱ्याला माहीत असण्याची गरज पडू नये, हे त्याने १९७०च्या निबंधात पहिल्याच वाक्यात मांडलं. मला वाटलं, हा माणूस त्या बाईंच्याच बाजूने बोलतोय. मग प्रत्येक ग्राहकाला एक क्रमांक दिला, ज्याला स्वतःचा काही अर्थ नाही म्हणून तो कधी बदलावा लागत नाही. नावांचं टेबल वेगळं केलं, त्यात 'पासून' आणि 'पर्यंत' अशा दोन तारखा. जुनं नाव खोडायचं नाही, त्याला फक्त शेवटची तारीख द्यायची. बाई एकच, नावं दोन, आणि दोन्ही खरी. इतकं समाधान मला पुढच्या कुठल्याही बढतीने दिलं नाही.

वर्षाचे दोनच आकडे ठेवल्याचा फटकाही आम्हाला २०००च्या आधीच बसला. १९९६ साली पाच वर्षांसाठी ठेवलेले पैसे २००१ला परत करायचे, आणि प्रोग्राम ते वर्ष १९०१ धरून व्याज काढायचा.

पुढे ओरॅकल आलं, पोस्टग्रेस आलं (हेही डेटाबेसचेच प्रोग्राम), सर्व्हर क्लाउडवर गेले. प्रोग्राम चार-पाचदा नव्याने लिहिले गेले, टेबलं मात्र तीच राहिली. म्हणून कामावरच्या नव्या मुलांना मी अजूनही आधी कागदावर टेबलं काढायला लावतो. ती हल्ली मोबाइल नंबरालाच ग्राहकाची ओळख करतात. बंद पडलेला नंबर कंपनी पुढे दुसऱ्याला देते, मग कुणाचा हिशेब कुणाच्या हाती जाईल? यावर मी भांडतो, आणि भांडत राहणार.

तू काकूंच्या जुन्या ठेवीबद्दल म्हणाला होतास. दहा वर्षं कुणी न मागितलेली ठेव रिझर्व्ह बँकेच्या निधीत जाते, पण हक्क जात नाही. आपल्या बँकेकडूनच ती मागता येते. रिझर्व्ह बँकेच्या 'उद्गम' पोर्टलवर शोधून बघ. सासरच्या नावाने सापडली नाही, तर काकूंचं माहेरचं नाव टाक. आणि पावती मिळाली तर मला फोटो पाठव, बँकेत मी तुझ्याबरोबर येतो.

तुझाच