वेस्ट एंडमधलं उरलेलं घर

बॉस्टन, रविवार

प्रिय सुध्या,

परवा तुझा फोन आला तेव्हा मी नॉर्थ स्टेशनबाहेर होतो. बोलणं अर्धवट राहिलं, कारण लक्ष समोर होतं. लोमॅस्नी वे नावाच्या रस्त्यावर विटांची एक अरुंद इमारत एकटीच उभी आहे, भिंतीवर भलीमोठी जाहिरात. शेजार नाहीच.

शेजार होता, वेस्ट एंड. इटालियन, ज्यू, पोलिश कष्टकऱ्यांची वस्ती. 'स्टार ट्रेक'मधला आपला मिस्टर स्पॉक, म्हणजे नट लेनर्ड निमॉय, इथलाच. १९४९ला कायदा आला: 'स्लम' पाडून जागा मोकळी करा, त्यात शहराला होणाऱ्या तोट्यातले दोन तृतीयांश वॉशिंग्टनचं केंद्र सरकार भरेल. मग कुठल्या शहराला स्लम सापडणार नाही? जुने रहिवासी सांगतात, शिक्का बसल्यावर कचरा उचलणंच थांबलं. १९५८च्या एप्रिलमध्ये नोटिसा आल्या आणि सुमारे २,७०० कुटुंबं उठली. बहुतेक भाडेकरू, त्यामुळे जागेचे पैसे गेले घरमालकांना. पुढे तिथे आलिशान टॉवर आले, त्यांची जाहिरात रस्त्यावर झळकायची: 'इथे राहत असता, तर आत्ता घरी पोचला असता.' ज्यांना तिथूनच हाकललं, त्यांनी ती गाडीतून वाचायची!

मार्क फ्रीड नावाच्या मानसशास्त्रज्ञाने या लोकांना उठवण्याआधी आणि नंतरही गाठलं. २५० बायकांपैकी २६ टक्के दोन वर्षांनंतरही उदास होत्या. त्याने याला सरळ शोक म्हटलं, माणूस गेल्यावर होतो तसा. या लोकांचं घर उंबऱ्यापाशी संपत नव्हतं. जिना, गल्ली, कोपऱ्यावरचं दुकान, सगळं घरातच धरलेलं.

इथे मला तुझी आई आठवली. चाळ रिकामी करून ट्रान्झिट कॅम्पात गेल्यावर ती महिनाभर धड जेवली नव्हती. "गॅलरी नाही रे इथं," एवढंच म्हणायची. आणि आपण दोघं दीडशहाणे तिला फ्लॅटचा कार्पेट एरिया सांगत बसलो होतो. तिला निदान परत यायचा करार तरी होता. इथल्यांना २०१५ला मिळाली ती पुनर्विकास संस्थेची माफी. तोवर कितीजण गेलेही असतील.

फोटो पाठवतोय. आईला दाखव, पण जाहिरात कसली ते सांगत बसू नकोस. ती आधी खिडक्या मोजेल आणि विचारेल, आत कोण राहतं. चौकशी करून कळवतो म्हणावं.

तुझा,
बंड्या